शब्दास्त्र आणि यंत्रास्त्र

कल्पित कथांतील शस्त्रांचा गंभीरपणे विचार करू म्हटले की आपल्याकडील बरीच विद्वान मंडळी नाक मुरडतात. उडते गालिचे, मायावी राक्षस आणि परग्रहांवरची युद्धे हा मुलांच्या करमणुकीचा विषय. त्यावर प्रौढांनी शाई कशाला खर्चावी, असा त्यांचा सवाल असतो. आम्हांस हा सवाल मान्य नाही. एखाद्या समाजाने कोणती शस्त्रे खरोखर बनविली हे इतिहास सांगतो. परंतु शक्ती कशात असते, ती कोणाच्या हाती असावी आणि तिचा दुरुपयोग झाल्यास जाब कोणी द्यावा, याविषयी त्या समाजाच्या मनातली समजूत पाहावयाची असेल, तर त्याने कल्पिलेली शस्त्रेच पाहिली पाहिजेत. या दृष्टीने आज एका कल्पित शस्त्राची झडती घेण्याचे आम्ही योजिले आहे. ते शस्त्र आवाजावर चालते.

फ्रँक हर्बर्ट या अमेरिकन लेखकाची ‘ड्यून’ ही कादंबरी १९६५ साली प्रसिद्ध झाली. अराकिस नावाच्या निर्जल, वाळूमय ग्रहावर घडणारी ही कथा. तिचा नायक पॉल अट्रेडीस हा पाडाव झालेल्या एका सरदारघराण्याचा मुलगा. वाळवंटातील फ्रेमेन लोकांत तो आश्रय घेतो, त्यांचा पुढारी होतो आणि अखेर सम्राटास नमवितो. या कादंबरीवरून डेव्हिड लिंच यांनी १९८४ साली चित्रपट काढला. त्या चित्रपटात मूळ कादंबरीत मुळीच नसलेली एक वस्तू आहे. इंग्रजीत तिला ‘वियर्डिंग मॉड्यूल’ असे नाव आहे. आपण तिला नादयंत्र म्हणू. हे यंत्र धारण करून शत्रूवर रोखावयाचे आणि कंठातून विशिष्ट आवाज काढावयाचा. की तो आवाज यंत्रात वाढून समोरच्या दगडाच्या ठिकऱ्या उडवितो आणि शत्रूची हाडे मोडतो. पॉल फ्रेमेन लोकांना या यंत्राची कवायत शिकवितो. पुढे त्याने धारण केलेले ‘मुआद्दिब’ हे नाव नुसते उच्चारले तरी विध्वंस होऊ लागतो, आणि आपले नाव हा मारक शब्द झाल्याचे खुद्द त्याच्याच ध्यानी येते.

या कल्पनेची मोहिनी पुष्कळांवर आहे. १९९२ साली निघालेल्या ‘ड्यून टू’ या संगणकावरील खेळात अट्रेडीस पक्षास ध्वनिलहरी फेकणारा रणगाडाच दिलेला आहे. आवाजाने दगड फुटावा, या कल्पनेत एक आदिम आनंद आहे, हे आम्हीही नाकारीत नाही. तथापि आमचे स्पष्ट म्हणणे असे, की हे नादयंत्र म्हणजे शब्दाच्या सामर्थ्याचा गौरव नसून त्याचा अधिक्षेप आहे. आणि जे लोक त्यास शास्त्रीय किंवा प्राचीन म्हणून डोक्यावर घेतात, ते शास्त्राशीही अन्याय करतात आणि प्राचीनांशीही.

प्रथम मूळ कादंबरीत काय आहे ते पाहावे. पॉलची माता जेसिका ही ‘बेने गेसेरिट’ नावाच्या एका स्त्रीसंघात वाढलेली आहे. त्या संघाच्या स्त्रिया लहानपणापासून आपल्या शरीराचा एकेक स्नायू आणि मनाची एकेक वृत्ती ताब्यात ठेवावयास शिकतात. त्यांच्या युद्धकौशल्यास अद्भुत मानले जाते ते या अभ्यासामुळे. कोणत्याही उपकरणामुळे नव्हे. त्यांचीच एक विद्या म्हणजे ‘व्हॉइस’, अर्थात आज्ञावाणी. समोरचा मनुष्य कोण आहे, त्याचा अहंकार कोठे दुखावतो, त्याला भय कशाचे, हे हेरून नेमक्या त्याच्यासाठी जुळविलेल्या स्वरात शब्द उच्चारावयाचा. मग तो मनुष्य विचार करण्यापूर्वीच आज्ञा पाळून मोकळा होतो. एकाला लागू पडणारा स्वर दुसऱ्याला लागू पडत नाही. म्हणूनच जेसिका आणि पॉल यांना मारण्यासाठी वाळवंटात नेताना शत्रू त्यांच्यावर एक बहिरा पहारेकरी ठेवतो.

हा बहिरा पहारेकरी म्हणजे सगळ्या वादाची किल्ली आहे. आज्ञावाणी ऐकणाऱ्यावरच चालते. तिला समोर मन असावे लागते. नादयंत्राला मनाची गरज नाही. बहिरा असो की ऐकणारा, मित्र असो की शत्रू, माणूस असो की खांब, त्याला सगळे सारखेच. हर्बर्टच्या कादंबरीत वाणी माणसाला ओळखून त्याच्यावर अंमल करते. लिंच यांच्या चित्रपटात ही विद्या नावापुरती शिल्लक आहे खरी. पण युद्ध जिंकले जाते ते यंत्राने, आणि त्या यंत्राने माणसाला ओळखण्याचे काहीच कारण उरत नाही.

आता प्रतिपक्षाचे म्हणणे क्रमाने ऐकू. पहिला पक्ष म्हणतो, की कादंबरी वाचावयाची असते आणि चित्रपट पाहावयाचा असतो. मनाचा संयम, स्नायूंवरील ताबा या गोष्टी पडद्यावर दिसत नाहीत. दगड फुटलेला दिसतो. तेव्हा दिग्दर्शकाने अदृश्य विद्येस दृश्य रूप दिले यात वावगे काय? या पक्षास आम्ही तर्काने उत्तर देत बसत नाही, उदाहरण देतो. डनी व्हिलनव्ह यांनी याच कादंबरीवरून २०२१ आणि २०२४ साली दोन चित्रपट काढले. त्यांत नादयंत्र नाही. आज्ञावाणी मात्र आहे. आणि ती उच्चारली जाते तेव्हा पडद्यावर काहीही फुटत नसता प्रेक्षकांच्या अंगावर काटा उभा राहतो. म्हणजे अदृश्य गोष्ट दाखविता येत नाही हे खरे नाही. ती दाखविण्यास सायास पडतात, इतकेच खरे.

दुसरा पक्ष अधिक ऐटबाज आहे, कारण तो शास्त्राच्या नावाने बोलतो. त्याचे म्हणणे असे, की प्रत्येक पदार्थाची स्वतःची एक नैसर्गिक कंपनसंख्या असते. तिच्याशी जुळणारा सूर काढला की अनुनाद उत्पन्न होतो आणि पदार्थ फुटतो. म्हणून नादयंत्र हे जादूच्या कांडीपेक्षा अधिक विश्वसनीय आहे. या विधानाचा पूर्वार्ध खरा आणि उत्तरार्ध खोटा आहे.

अनुनाद समजण्यास झोपाळ्याइतके सोपे उदाहरण नाही. झोपाळ्याच्या लयीत हलके हलके झोके दिले तर लहान मूलही मोठ्या माणसास उंच झुलवू शकते. पण त्यासाठी तीन गोष्टी लागतात. झोका नेमक्या लयीत पडला पाहिजे. तो पुनःपुन्हा पडला पाहिजे. आणि मधल्या वेळात घर्षणाने झोपाळ्याची गती मरता कामा नये. पातळ काचेचा पेला गवयाच्या आवाजाने फुटू शकतो तो या तिन्ही अटी तेथे साधतात म्हणून. पेल्यावर टिचकी मारली तर तो बराच वेळ किणकिणतो. त्याचा सूर गवयाला ऐकू येतो आणि तोच सूर मोठ्याने व अढळपणे धरता येतो. दगडी खांबावर टिचकी मारून पाहावी. तो किणकिणत नाही. त्याच्या अंगचे कंपन उठते न उठते तोच विरते. अशा खांबावर एकदाच ओरडून त्याचे तुकडे करणे म्हणजे झोपाळ्याला एकच धक्का देऊन तो आढ्याला लावणे होय.

या पक्षाचे आवडते दाखले म्हणजे कोसळलेले पूल. इंग्लंडात ब्रॉटन येथील झुलता पूल १८३१ साली ७४ सैनिक पावलांचा ठेका धरून चालत असता कोसळला हे खरे आहे. पण तेथेही एकाच लयीत अनेक पावले पडत होती, आणि पुलाच्या साखळीचा एक बोल्ट तुटला म्हणून पूल गेला. अमेरिकेतील टॅकोमा नॅरोज येथील पूल ७ नोव्हेंबर १९४० रोजी ताशी सुमारे ६४ किलोमीटरच्या वाऱ्यात पिळवटून पडला. पाठ्यपुस्तकांतून तो अनुनादाचा नमुना म्हणून मिरविला जातो. परंतु बिल्लाह आणि स्कॅनलन यांनी १९९१ साली दाखवून दिले, की वाऱ्याचे झोत पुलाच्या लयीशी जुळले म्हणून तो पडला नाही. पुलाच्या स्वतःच्या हालचालीनेच वाऱ्यातून शक्ती खेचली जात होती आणि ती हालचाल वाढत गेली. एकूण ज्या पुलाच्या आधारावर हा पक्ष उभा आहे, तो पूल त्याच्या कामाचा नाही.

हिशेबही पाहू. साधे बोलणे सुमारे ६० डेसिबलचे असते. त्यातून एका चौरस मीटरवर पडणारी शक्ती एका वॅटचा दहालाखावा भाग. ज्या आवाजाने कानठळ्या बसून वेदना होऊ लागतात तो सुमारे १२० डेसिबलचा. त्याची शक्ती चौरस मीटरमागे एक वॅट. भर दुपारच्या उन्हातून तेवढ्याच जागेवर सुमारे हजार वॅट शक्ती पडते. तरी देवळापुढील दीपमाळेच्या उन्हाने ठिकऱ्या उडाल्याचे कोणी पाहिले नाही. यावर उत्तर येते, की आवाज अशक्त असला तरी यंत्र तो वाढविते. ठीक आहे. मग दगड फोडणारी शक्ती यंत्राची झाली, आवाजाची नव्हे. अशा स्थितीत शब्दाचे काम बंदुकीच्या चापापेक्षा अधिक ते काय उरले? मंत्राचा महिमा सांगावयास निघालेल्या दिग्दर्शकाने अखेर मंत्राचा चाप करून ठेवला, हीच आमची मुख्य तक्रार आहे.

खऱ्या जगात ध्वनीने काय होते हेही येथे नमूद केले पाहिजे. १९८० साली म्यूनिक येथे मूत्रपिंडातील खडा शरीराबाहेरून सोडलेल्या आघातलहरींनी फोडण्याचा उपचार माणसावर प्रथम झाला. आज तो सर्वत्र रूढ आहे. तेथे लहरी एका बिंदूवर एकवटतात आणि आघातांमागून आघात करावे लागतात. दुसरीकडे, २००० साली एडनच्या बंदरात ‘कोल’ या अमेरिकन युद्धनौकेवर हल्ला झाल्यानंतर दूरवर कर्कश आवाज फेकणारे एक उपकरण तयार करण्यात आले. ते २००५ साली सोमालियाच्या किनाऱ्यालगत एका प्रवासी जहाजाने चाच्यांवर वापरले, आणि २००९ साली पिट्सबर्ग येथे पोलिसांनी निदर्शकांवर वापरले. त्याने एकही भिंत पडत नाही. माणसाचे कान मात्र दुखतात. लक्षात घेण्याजोगी गोष्ट ही, की खऱ्या नादशस्त्राने गाठले ते माणसाच्या ऐकण्याच्या इंद्रियालाच. ज्याला ऐकू येते त्याचेच भय त्याने भांडवल केले.

कोणी म्हणेल, की तुम्हांला यंत्राचाच तिटकारा आहे. तसे मुळीच नाही. बेल्जियन चित्रकार एर्जे यांच्या टिनटिनच्या चित्रकथांपैकी प्राध्यापक कॅल्क्युलसच्या अपहरणाची कथा १९५६ साली पुस्तकरूपाने आली. तीतही ध्वनीचे शस्त्र आहे: प्राध्यापकांच्या प्रयोगाने आसपासची तावदाने, आरसे, फुलदाण्या आपोआप फुटतात, आणि हे तंत्र मोठे करून शहरे उद्ध्वस्त करता येतील म्हणून दोन राष्ट्रे त्यांच्या मागे लागतात. लेखकाने फोडली ती काच, हे पाहावे. त्याला अनुनादाची मर्यादा ठाऊक होती. आणि शेवटी प्राध्यापक काय करतात? आपल्या शोधाची टिपणे स्वतःच्या हाताने जाळून टाकतात. मुलांसाठी काढलेल्या या चित्रकथेत शस्त्र यांत्रिक आहे, पण प्रश्न मानवी आहे: जे मला करता येते ते मी करावे काय? लिंच यांच्या नादयंत्राला हा प्रश्न कोणीही विचारीत नाही.

तिसरा पक्ष आपल्या घरचा आहे, आणि त्याच्याशी बोलताना आम्हांस अधिक संकोच वाटतो. आपल्याकडील काही सुशिक्षितांस असे सांगण्याची हौस असते, की मंत्राने सोडावयाची अस्त्रे म्हणजे अनुनादाचीच शस्त्रे होती. पाश्चात्त्यांनी चित्रपटात आज दाखविले ते आमच्या पूर्वजांनी केव्हाच सिद्ध केले होते. या मंडळींस पूर्वजांचा गौरव करावयाचा असतो. प्रत्यक्षात ते त्यांच्या कथांतील सर्वांत मोलाचा भाग टाकून देतात.

इंद्रशत्रूची वैदिक कथा घ्या. इंद्राने आपला पुत्र विश्वरूप मारला म्हणून त्वष्ट्याने सूड घेण्यासाठी यज्ञ केला. इंद्रास मारणारा उत्पन्न व्हावा असा त्याचा संकल्प होता. पण मंत्रातील ‘इंद्रशत्रु’ या समासाचा स्वर चुकला. अंत्य अक्षरावर उदात्त असता तर अर्थ झाला असता ‘इंद्राचा घातक’; आरंभी उदात्त पडल्याने अर्थ झाला ‘इंद्र ज्याचा घातक आहे तो’. वृत्र जन्मला आणि इंद्राच्याच हातून मेला. पतंजलीने महाभाष्याच्या आरंभी व्याकरण का शिकावे हे सांगताना या कथेचा आधार घेतला आहे. येथे आवाजाने मनुष्य मरतो यात शंका नाही. पण तो मरतो समासाचा अर्थ फिरल्यामुळे. त्वष्ट्याचा आवाज पुरेसा मोठा नव्हता किंवा त्याची कंपनसंख्या जुळली नाही, असे कोणी म्हटलेले नाही. ज्या परंपरेने शब्दाच्या शक्तीचे मूळ अर्थात शोधले, तिच्या तोंडी अनुनादाची भाषा घालणे म्हणजे व्याकरणकाराच्या हाती ढोल देणे होय.

दुसरे उदाहरण सौप्तिक पर्वातील. सर्व बाजूंनी कोंडला गेलेला अश्वत्थामा गवताची काडी उचलतो आणि तिच्यावर ब्रह्मशिर अस्त्राची योजना करतो. गवताची काडी! शस्त्र किती क्षुल्लक आहे आणि मंत्र किती मोठा, हे व्यासांनी एका वस्तूने सांगितले. अर्जुन प्रत्यस्त्र सोडतो. दोन्ही अस्त्रांच्या मध्ये व्यास आणि नारद उभे राहून ती परत घेण्यास सांगतात. अर्जुन परत घेतो, कारण त्याचे व्रत आणि मन शुद्ध आहे. अश्वत्थाम्याला ते परत घेता येत नाही. सोडता येते, आवरता येत नाही. आणि मग ते पांडवांच्या वंशाच्या गर्भावर पडते. महाभारताला दाखवावयाचा आहे तो हाच फरक. अस्त्र सोडण्याची विद्या दोघांनाही आहे; उपसंहाराची पात्रता एकालाच आहे. कर्णाच्या कथेतही परशुरामाच्या शापाने ऐन वेळी मंत्र विस्मरतो तो गुरूशी केलेल्या असत्याचे फळ म्हणून. या कथांत अस्त्राचा संबंध सर्वत्र चालविणाऱ्याच्या चारित्र्याशी जोडलेला आहे. नादयंत्र मात्र कोणाच्याही हाती द्यावे. ते सारखेच चालते. अश्वत्थामा आणि अर्जुन यांच्यांत भेद न करणारे शस्त्र आपल्या पुराणांतले आहे असे म्हणणे, ही पूर्वजांची स्तुती नव्हे.

येथवरचा वाद अभिरुचीचा आहे असे कोणास वाटेल. परंतु नादयंत्राने केलेली सर्वांत मोठी हानी याहून निराळी आहे. पॉलच्या नावाकडे पुन्हा पाहावे. मुआद्दिब हे मुळात वाळवंटातील एका लहानशा उंदराचे नाव. हर्बर्टच्या कथेत ते नाव भयंकर होते ते त्याच्या ध्वनीमुळे नव्हे. लाखो लोक त्या नावावर श्रद्धा ठेवून मारावयास आणि मरावयास सिद्ध होतात म्हणून. १९६९ साली प्रसिद्ध झालेल्या ‘ड्यून मेसाया’ या पुढील कादंबरीत आपल्या नावाने चाललेल्या धर्मयुद्धात एकसष्ट अब्ज माणसे मेली, असा हिशेब पॉल स्वतः मांडतो. पुढाऱ्याचे नाव हे शस्त्र होते तेव्हा ते चालविणारा प्रत्येक गळा त्यास जबाबदार असतो, हे सांगण्यासाठी हर्बर्टने एवढा प्रपंच केला.

चित्रपटाने काय केले? त्या नावालाच यंत्रात बसविले. आता दगड फुटतो तो अनुयायांच्या अंधश्रद्धेने नव्हे, तर कंपनांनी. नावाची शक्ती ही भौतिक वस्तुस्थिती ठरली, आणि भौतिक वस्तुस्थितीस दोष कोण देणार? ओरडणाऱ्या प्रत्येक फ्रेमेनची जबाबदारी एका क्षणात पुसली गेली. चित्रपटाच्या शेवटी पॉलच्या प्रभावाने त्या निर्जल ग्रहावर पाऊसही पडतो. कादंबरीत असे काही घडत नाही. ज्या नायकापासून सावध राहा म्हणून लेखकाने बजाविले, त्यालाच चित्रपटाने खरोखरीचा देव करून टाकले. आणि या देवत्वाचा पहिला पुरावा म्हणून नादयंत्र पुढे ठेवले.

ज्यांनी विसाव्या शतकाचा इतिहास वाचला आहे त्यांस यातील धोका निराळा सांगण्याची गरज नाही. एकाच नावाचा घोष करणाऱ्या जमावांनी काय काय केले ते सर्वश्रुत आहे. त्या घोषांनी कोठेही दगड फुटला नाही. माणसे मात्र मेली, आणि ती माणसांनीच मारली. घोषात सामर्थ्य होते ते घोष करणाऱ्यांनी आपली विवेकबुद्धी त्यात ओतल्यामुळे. ती परत घेणेही त्यांच्याच हाती होते. नादयंत्राची कल्पना नेमकी ही गोष्ट दृष्टीआड करते.

म्हणून आमची सुजाण पालकांस आणि तरुण लेखकांस विनंती आहे. परग्रहांच्या आणि मायावी शस्त्रांच्या कथा घरांत अवश्य याव्यात; त्या वाचून मुले बिघडत नाहीत. मात्र शस्त्र कसे चालते एवढ्यावर थांबू नये. ते चालविण्यापूर्वी काय शिकावे लागते, ते चालविताना काय गमवावे लागते, आणि एकदा सोडलेले परत घेता येते की नाही, हे तीन प्रश्न त्या कथेला विचारावेत. अर्जुनाच्या अस्त्राजवळ तिन्ही प्रश्नांची उत्तरे आहेत. जेसिकेच्या वाणीजवळ आहेत. टिपणे जाळणाऱ्या प्राध्यापकाजवळही आहेत. लिंच यांच्या नादयंत्राजवळ यांपैकी एकाचेही उत्तर नाही. आणि जे आपल्या पुराणांतील मंत्रांना त्या यंत्राच्या रांगेत बसवू पाहतात, त्यांनी ही उत्तरे आपल्याच घरात असताना ती बाहेर फेकू नयेत, एवढेच आमचे मागणे आहे.